कल्पित संस्कृतीसाठी काळाचे देऊळ कसे रचावे

अद्भुत कथा लिहिणाऱ्या नव्या लेखकांच्या हस्तलिखितांत वेळ मोजणारे एखादे पवित्र स्मारक हटकून आढळते. बहुधा तो आकाशाला भिडणारा मनोरा असतो, त्याच्या माथ्यावर स्फटिक बसवलेला असतो आणि शंभर वर्षांतून एकदा त्यातून किरण निघून एखादी भविष्यवाणी उजळते. त्या मनोऱ्याच्या पायऱ्या रोज कोण झाडतो, त्याने दाखवलेली वेळ चुकली तर कोणाच्या घरची चूल पेटत नाही, याचा मात्र त्या शेकडो पानांत पत्ता नसतो. माझ्या पहिल्या कादंबरीतही असाच एक मनोरा होता आणि तीन प्रकरणांपलीकडे तो मला काहीही देऊ शकला नाही. पुढे रत्नागिरी जिल्ह्यातील एका खाडीकाठच्या गावात राहावयास आल्यावर वेळ पाळणे म्हणजे काय असते, हे येथील तांडेल (होडीचे नायक), गुरव आणि पंचांग पाहणारी म्हातारी माणसे यांच्याकडून हळूहळू समजत गेले, आणि तेव्हा मी ती कादंबरी मोडून नव्याने बांधली. त्या बांधणीत उपयोगी पडलेली रीत येथे देत आहे.

रीत समजण्यास एक उदाहरण सतत डोळ्यांसमोर असलेले बरे. म्हणून खाडीच्या मुखाशी वस्ती करून राहणारा ‘दर्यावळ’ नावाचा एक समाज आपण कल्पू आणि त्यांच्या कालदर्शक देवस्थानाला ‘घटकुंड’ म्हणू. दोन्ही नावे सर्वस्वी माझ्या मनातील आहेत. (नाव पक्के करण्यापूर्वी ते एखाद्या वाडीचे किंवा आडनावाचे निघत नाही ना, एवढे तपासावे, कानाला गोड वाटणारे बहुतेक प्रत्येक नाव कोकणात कोणाच्या तरी सातबाऱ्यावर आधीच चढलेले असते.)

आधी गरज, मग दगड

पहिल्या दिवशी स्मारकाचे चित्र काढू नये. या समाजाला वेळेवर काय कळले नाही तर त्याचे नुकसान होते, हे एका वाक्यात लिहावे आणि त्या वाक्यातून स्मारक उगवू द्यावे. पावसावर जगणाऱ्या समाजाला पेरणीचा दिवस हवा असतो, वाळवंटातील तांड्याला रात्रीचा प्रहर हवा असतो, आणि दर्यावळांना भरती केव्हा हे कळावे लागते, कारण खाडीच्या तोंडाशी वाळूचा उंचवटा आहे आणि पाणी पुरेसे चढल्याखेरीज होडी त्यावरून पार होत नाही.

भरतीची वेळ ही कोकणात आजही घरगुती हिशेबाची गोष्ट आहे. अलिबागच्या कुलाबा किल्ल्यात ओहोटीला पायी जाता येते आणि भरतीला होडी करावी लागते. हरिहरेश्वरची प्रदक्षिणा समुद्राच्या कडेच्या खडकांवरून होत असल्यामुळे ती पाणी उतरलेले असतानाच घालता येते. देवाला प्रदक्षिणा केव्हा घालावी हे समुद्राने ठरवावे, यातच पवित्र कालमापनाचे एक तयार बीज आहे. जुनी माणसे वेळ काढण्यासाठी त्या दिवशीच्या तिथीची पाऊणपट करतात. अष्टमी असेल तर आठाची पाऊणपट सहा, म्हणजे सहाच्या सुमारास भरती. एकादशी असेल तर सव्वाआठ. पौर्णिमा झाली की पुन्हा प्रतिपदेपासून मोजावयाचे. ठिकाणागणिक यात थोडा फरक पडतो, तरी होडी काढणाऱ्याला एवढे पुरते.

या आडाख्यामागचे गणित लेखकाने समजून घ्यावे, कारण कल्पित जगात तेच पुन्हा मांडावयाचे असते. एका चांद्र महिन्यात भरतीची वेळ घड्याळाच्या २४ तासांची एक पूर्ण फेरी करते आणि त्याच महिन्यात ३० तिथी होतात. म्हणून एका तिथीमागे भरती ४८ मिनिटांनी, म्हणजे नेमक्या दोन घटकांनी पुढे सरकते. पाऊणपटीत तिथीमागे ४५ मिनिटे धरली जातात. तोंडी हिशेब सोपा व्हावा यासाठी सोडून दिलेली ती तीन मिनिटे आहेत. अमावस्येला व पौर्णिमेला उधाणाची भरती येते आणि अष्टमीच्या सुमारास भांगाची, म्हणजे पाणी फारसे चढतही नाही आणि फारसे उतरतही नाही. किनाऱ्याचा आकारही येथे काम करतो: मुंबईकडे उधाणाच्या दिवशी साडेचार मीटरांवर चढणारे पाणी दक्षिणेस मालवण-वेंगुर्ल्याकडे बरेच कमी चढते. आपल्या कल्पित किनाऱ्यावर पाणी किती चढते, हा आकडा या टप्प्यावर ठरवून टाकावा. दर्यावळांसाठी मी तीन मीटर धरले आहेत.

येथे दोन चंद्रांचा मोह होतो. दोन चंद्र घ्यावयाचे असतील तर प्रत्येकाचा महिना किती दिवसांचा हे ठरवून दोघे एकत्र केव्हा येतात ते काढावे. एकाचा महिना २४ दिवसांचा व दुसऱ्याचा ४० दिवसांचा असेल तर एकत्र आलेले दोन चंद्र १२० दिवसांनी त्याच जागी पुन्हा एकत्र येतील, आणि तेव्हाचे उधाण आपल्याकडच्या उधाणासारखे सौम्य असणार नाही. आपल्याकडे सूर्याची भरती चढवण्याची ताकद चंद्राच्या निम्म्याहूनही थोडी कमी आहे, तरीही दोघे एका रेषेत आले की उधाण येते. हा हिशेब अखेरपर्यंत पाळण्याची तयारी नसेल तर एकाच चंद्रावर भागवावे.

काळाचे एकक आणि त्याचे शब्द

समाजाची गरज ठरली की त्याचे एकक आपोआप ठरते. एका भरतीपासून दुसऱ्या भरतीपर्यंत सरासरी १२ तास २५ मिनिटे जातात. दर्यावळ दिवस न मोजता भरत्या मोजतात असे धरले, तर त्यांच्या चांद्र महिन्यात जवळजवळ ५७ भरत्या होतात आणि वर्षात सुमारे ७०६. मूल किती भरत्यांचे झाले, उधारी किती भरत्यांनी फेडावयाची, अशी त्यांची बोली होईल. भरती कधी दुपारी येते, कधी मध्यरात्री, त्यामुळे या लोकांचे जेवण, झोप आणि बाजार सूर्याला बांधलेले राहणार नाहीत. डोंगरापलीकडून येणाऱ्या व्यापाऱ्याला ही माणसे वेडी वाटतील. एका एककाच्या निवडीतून एवढी वागणूक निघते, म्हणून येथे घाई करू नये.

लहान एककांसाठी आपली जुनी मापे चाळावीत. अहोरात्राच्या ६० घटका, एक घटका २४ मिनिटांची, तिची ६० पळे, दोन घटकांचा मुहूर्त, साडेसात घटकांचा प्रहर, ही सारी व्यवस्था साठाच्या भागाकारावर उभी आहे आणि मोजणारा कोणीतरी सतत जागा आहे असे ती गृहीत धरते. त्याच्या शेजारी, कोणीही न मोजता कळणारा काळ ठेवावा: दिवस कासराभर वर येणे, गुरे परतण्याची वेळ, तिन्हीसांजा, दिवेलागण. कल्पित समाजाच्या भाषेत या दोन्ही जाती असल्याच पाहिजेत. पुजाऱ्याच्या तोंडी पहिली शोभते, मासे विकणाऱ्या बाईच्या तोंडी दुसरी, आणि पुजाऱ्याने दुसरी वापरली की तो थकला आहे हे वाचकाला न सांगता कळते.

यंत्र हाताने करून पाहावे

स्मारकाच्या पोटातील यंत्रणा हा या कामातील सर्वांत रसाळ भाग आहे आणि बहुतेक लेखक तो एका ओळीत उरकतात. मोठे बांधले म्हणजे अचूक झाले, ही समजूत प्रथम सोडावी. जयपूरचे सम्राट यंत्र हे दगडी सूर्यघड्याळ सुमारे २७ मीटर उंच आहे आणि त्याची सावली सेकंदाला जवळपास एक मिलिमीटर सरकते, हे पाहण्यासारखे खरेच. परंतु सूर्य हा बिंदू नसून आकाशात अर्ध्या अंशाएवढी रुंद थाळी आहे, त्यामुळे एवढ्या मोठ्या यंत्रावर सावलीची कड कित्येक सेंटिमीटर पुसट होते आणि ती नेमकी कोठे संपते हे ठरवण्यास सरावलेला डोळा लागतो. ही पुसट कड कथेच्या फार उपयोगाची आहे. दोन पुजारी एकाच सावलीकडे पाहून दोन वेळा सांगू शकतात.

घटकुंडात मी तीन साधने ठेवली आहेत. पहिले कुंड. ते खडकात खोदलेले असून जमिनीखालच्या अरुंद मोरीने समुद्राला जोडलेले आहे; मोरी अरुंद असल्यामुळे लाटांचे हेलकावे आत पोचत नाहीत, पाण्याची पातळी मात्र पोचते. बंदरांवरची भरतीमापक यंत्रे याच युक्तीवर चालतात. तीन मीटरांच्या चढउतारासाठी वीत-वीत उंचीच्या, म्हणजे सुमारे वीस सेंटिमीटरांच्या, पंधरा पायऱ्या होतात. पंधरा पायऱ्या आणि पंधरा तिथी हा योगायोग पाहून एकेका पायरीला एकेक तिथी देण्याचा मोह मला झाला होता. तो चुकीचा ठरला असता, कारण पाणी प्रतिपदेपासून पौर्णिमेपर्यंत एकसारखे चढत जात नाही. ते अमावस्येनंतर उतरते, अष्टमीला भांग होतो आणि मग पुन्हा चढते. वाचकांत एकच तांडेल असला तरी तो पुस्तक तेथेच मिटून ठेवील.

दुसरे साधन घटिकापात्र. तळाला बारीक छिद्र असलेले तांब्याचे भांडे पाण्यावर तरंगत सोडावयाचे आणि ते भरून बुडाले की एक घटका झाली असे समजावयाचे, हे वर्णन सूर्यसिद्धान्त या जुन्या ज्योतिषग्रंथातही आहे. असे भांडे अहोरात्रात ६० वेळा बुडते. आपल्या लग्नांत मुहूर्तासाठी घंगाळात घटिकापात्र सोडून भटजी त्यावर डोळा ठेवून बसत, ‘घटका भरली’ हा वाक्प्रचार त्यातूनच आला, आणि घड्याळ या शब्दातही तीच घटी दडलेली आहे. या रचनेचे एक मर्म लक्षात घ्यावे. तळाच्या छिद्रातून पाणी बाहेर गळणाऱ्या भांड्यात पाणी कमी होत गेले की धार मंदावते, त्यामुळे खुणा समान अंतरावर करता येत नाहीत. बुडणारे भांडे मात्र जसजसे भरते तसतसे खाली जाते आणि आतल्या-बाहेरच्या पातळीतील फरक बराचसा तेवढाच राहतो, म्हणून ते पुष्कळ अंशी एकाच गतीने भरते.

हे वाचून पुढे जाऊ नये, प्रत्यक्ष करावे. नारळ फोडून डोळ्यांकडची करवंटी घ्यावी, खोबरे काढून आतून-बाहेरून खरवडून गुळगुळीत करावी. तीन डोळ्यांपैकी एक मऊ असतो. तो मोकळा करून मेणाने बुजवावा आणि त्या मेणातून जाड सुई आरपार न्यावी. करवंटी हलकी असते, म्हणून आत एक गुळगुळीत खडा ठेवावा, पण तो छिद्रावर येऊ देऊ नये. मग बादलीभर स्वच्छ पाण्यात ती सोडून वेळ घ्यावी. लवकर बुडाली तर छिद्र लहान करावे किंवा हलका खडा घ्यावा, उशिरा बुडाली तर उलट करावे. २४ मिनिटांच्या जवळ येण्यास मला तीन संध्याकाळी लागल्या. पहिल्या संध्याकाळी मी हौसेने समुद्राचे पाणी आणले होते. त्यातील वाळूचा एक कण छिद्रात अडकला आणि माझी घटका रात्री जेवणे उरकली तरी भरली नव्हती. खारे पाणी गोड्यापेक्षा सुमारे अडीच टक्क्यांनी जड असल्यामुळे भांडेही त्यात जरा वर तरंगते, आणि पाणी कोमट असेल तर ते छिद्रातून लवकर शिरते. या तीन संध्याकाळींतून माझ्या कथेला तीन गोष्टी मिळाल्या: घटिकापात्रासाठी गोड्या पाण्याची वेगळी विहीर, ते पाणी वस्त्रातून गाळून आणणारी एक मुलगी, आणि वाळूचा कण. तो कण कोणी मुद्दाम टाकला होता का, यावर कादंबरीचा उत्तरार्ध चालतो.

तिसरे साधन खांबांची ओळ. कोकणातील माणसाला पूर्वेकडे सह्याद्रीची कंगोऱ्यांची रेघ मिळते, त्यामुळे सूर्य कोणत्या सुळक्यामागून उगवतो यावरून ऋतू ओळखता येतो. पश्चिमेला मात्र सपाट समुद्र असतो आणि मावळत्या सूर्यासाठी एकही खूण नसते. ती खूण माणसाने उभारली पाहिजे. पेरू देशातील चांकिलो येथे सुमारे २,३०० वर्षांपूर्वी टेकडीच्या कण्यावर बांधलेले १३ मनोरे अशाच कामासाठी होते, ठरलेल्या जागेवरून पाहिले की सूर्य वर्षभरात या ओळीच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे जातो. रत्नागिरीच्या अक्षांशावर, म्हणजे सुमारे १७ अंश उत्तरेस, मावळता सूर्य खऱ्या पश्चिमेच्या दोन्ही बाजूंना साडेचोवीस अंशांच्या आसपास सरकतो. पाहण्याच्या जागेपासून शंभर मीटरवर खांबांची सरळ ओळ उभारली तर टोकाच्या दोन खांबांत सुमारे ९० मीटर अंतर पडेल. मार्च व सप्टेंबरमध्ये या ओळीवर सूर्य रोज जवळपास पाऊण मीटर सरकतो, आणि जून-डिसेंबरच्या टोकांशी आठवडाभर जागचा हलल्यासारखा वाटत नाही. म्हणून समान अंतरावर खांब उभारले तर त्यांच्यामधले दिवस असमान होतात. माझ्या दर्यावळांनी खांब समान अंतरावर ठेवले आणि महिनेच लहानमोठे मानले. शेवटचा महिना इतका लांबलचक की त्याला त्यांनी ‘मुक्काम’ असे नाव दिले.

चूक कोठे राहते ते शोधावे

यंत्रणा तयार झाली की तिच्यात काय कळत नाही हे शोधावे. माझ्या मते स्मारक पवित्र होते ते याच जागी, कारण जे यंत्राला कळत नाही ते माणसाला जागून राखावे लागते.

घटकुंडातील उणीव मला बऱ्याच उशिरा दिसली. कुंडात उधाणाचे पाणी वरच्या पायरीला लागते, पण ते पौर्णिमेचे की अमावस्येचे हे पाण्यावरून सांगता येत नाही. आकाश मोकळे असेल तर प्रश्नच नाही, वर पाहिले की झाले. परंतु जूनपासून पुढे चार महिने आकाशच दिसत नाही. त्या काळात कोणीतरी दोरीला गाठी मारून किंवा परडीत शंख टाकून भरत्या मोजल्या पाहिजेत, आणि ती मोजणी एकदा विसकटली की समाज अर्धा महिना चुकू शकतो, कुंड मात्र बिनबोभाट बरोबर असल्यासारखे दिसत राहते. त्यातच वादळी वाऱ्याने समुद्र फुगला की भांगाच्या दिवशीही पाणी वरच्या पायऱ्यांवर चढते. कुंडाचा राखणदार, त्याला आलेला ताप, आणि शंख मोजावयास बसलेला त्याचा बारा वर्षांचा मुलगा, एवढ्या सामग्रीवर पावसाळ्याची तीन प्रकरणे उभी राहिली.

अशीच एक उणीव सावलीत आहे. कर्कवृत्त आणि मकरवृत्त यांच्यामध्ये सूर्य वर्षातून दोनदा माध्यान्ही डोक्यावर येतो आणि उभ्या खांबाची सावली नाहीशी होते. रत्नागिरीच्या आसपास हे मेच्या ८ तारखेच्या सुमारास घडते आणि पुन्हा ऑगस्टच्या ५ तारखेच्या सुमारास; मधल्या काळात माध्यान्हीची सावली दक्षिणेकडे पडते. मे महिन्यातला तो क्षण सारे गाव पाहू शकते. ऑगस्टमधला मात्र बहुधा ढगांआड होतो, सावली आधीपासूनच नसते. पहिल्या क्षणाचा उत्सव आणि दुसऱ्याचे नुसते मौन, असा जोडसण येथून सहज सुचतो.

पावित्र्य कोण राखतो

कल्पित धर्म रचताना देवांची वंशावळ लिहिण्यात महिने जातात आणि देवळातील कामांची वाटणी एका ओळीतही येत नाही. कोकणातील गावऱ्हाटीकडे पाहिले तर हे उलटे असल्याचे दिसते: दिवा कोणी लावावयाचा, पहिला नारळ कोणाचा, पालखीचा खांदा कोणत्या घराचा, गाऱ्हाणे कोणी घालावयाचे, हे सारे ठरलेले असते आणि भांडणे होतात ती याच गोष्टींवरून. म्हणून स्मारकाशी बांधलेली पाच-सहा कामे ठरवावीत आणि प्रत्येक काम एका घराला द्यावे. घटकुंडात पाणी गाळणे, भांडे सोडणे, तास (टोले देऊन वाजवावयाची धातूची थाळी) वाजवणे, शेवाळ खरवडणे आणि शंख मोजणे ही कामे आहेत. सर्वांत हलके समजले जाणारे काम शेवाळ खरवडण्याचे. पण पायऱ्यांवर कालवांची रेघ किती वर चढली हे फक्त त्या घराला ठाऊक असते, आणि समुद्र पिढ्यान्‌पिढ्या वर येत आहे हे प्रथम तेच ओळखतात.

वेळ नेहमी मोजूनच ठरते असेही धरू नये. मालवण तालुक्यातील आंगणेवाडीच्या भराडी देवीच्या जत्रेला ठरलेली तिथी नाही. देवीला कौल लावून दिवस ठरतो आणि तो कळेपर्यंत मुंबईचे चाकरमानी रजेचा अर्ज हातात धरून थांबतात. त्याच तालुक्यातील आचरे गावात काही वर्षांच्या अंतराने, रामेश्वराचा कौल घेऊन, गावपळण होते: माणसे गुराढोरांसह, कोंबड्या-कुत्र्यांसह वेशीबाहेर जाऊन तीन दिवस, तीन रात्री राहतात आणि गाव रिकामे असते. कालदर्शक स्मारक असलेल्या समाजात अशा दिवसांचे काय होईल याचा विचार करावा. तीन दिवस घटिकापात्र सोडणारा कोणी नाही, तास वाजत नाही, मोजणी थांबली आहे. परत आल्यावर ते दिवस हिशेबात धरावयाचे की नाही? दर्यावळ धरत नाहीत, आणि म्हणून त्यांच्या म्हाताऱ्या माणसांची वये पंचक्रोशीत सर्वांत कमी भरतात.

आवाजाविषयी थोडेच सांगतो. वेळ पाहणारे थोडे आणि ऐकणारे पुष्कळ असतात, म्हणून स्मारकाला कंठ हवा. आपल्या देवळांत चौघडा होता, तास होता, घंटा होती. १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी वसई घेतल्यानंतर तेथील चर्चच्या घंटा अनेक देवळांत लागल्या आणि वाईजवळ मेणवलीला त्यांपैकी एक आजही पाहावयास मिळते. दुसऱ्या धर्माची, दुसऱ्या देशात ओतलेली घंटा आपल्या देवळात दीडशे-दोनशे वर्षांत आपलीच होते. आपल्या स्मारकातील एक तरी वस्तू अशी बाहेरून आलेली असावी.

बांधकाम

दगड स्थळाला धरून निवडावा. जांभा खाणीतून काढताना मऊ असतो आणि हवा लागली की टणक होतो, त्यामुळे चिरे पाडण्यास उत्तम. परंतु तो सच्छिद्र असल्यामुळे त्यावर बारीक कोरीवकाम टिकत नाही. कथेतील प्राचीन शिलालेख जांभ्यावर कोरलेला दाखवू नये, तो काळ्या पाषाणावर असावा आणि तो पाषाण कोठून तरी आणलेला असावा. लोखंड खाऱ्या हवेत खाल्ले जाते, तांबे हिरवे पडते, शिंपल्या भाजून केलेला चुना टिकतो. समुद्रातील बांधकामाचे नमुने हवे असतील तर १६६४ मध्ये काम सुरू झालेला सिंधुदुर्ग पुरेसा आहे. दीपमाळही विसरू नये. त्रिपुरी पौर्णिमेला पेटलेली दीपमाळ समुद्रावरून दिसते तेव्हा ती देवाची कमी आणि होड्यांची जास्त वाटते.

वाद हवाच

काळ मोजणारे जेथे असतात तेथे मोजणीवरून दोन तट पडतात, आणि त्यासाठी खलनायक लागत नाही. नक्षत्रांनी धरलेले वर्ष ऋतूंच्या वर्षापेक्षा सुमारे वीस मिनिटांनी मोठे आहे. साधारण ७० वर्षांत त्याचा एक दिवस होतो. त्यामुळेच आज उत्तरायण २१-२२ डिसेंबरला लागते आणि मकर संक्रांत १४-१५ जानेवारीला येते. आरंभ कोणत्या ताऱ्यापासून धरावा यावर पंचांगांची मते वेगळी असल्यामुळे अधिक मास वेगळा पडू शकतो, आणि एखाद्या वर्षी कोकणातील टिळक पंचांग मानणाऱ्या घरांत गणपती शेजाऱ्यांच्या महिनाभर आधी येतो. दोन्ही घरांतील माणसे सरळ, श्रद्धाळू आणि गणिताला पक्की असतात.

हा किनारा तसा ज्योतिषांचाच. जंजिऱ्याच्या मुरूडजवळील नांदगावचे गणेश दैवज्ञ यांनी १५२० च्या सुमारास ‘ग्रहलाघव’ रचले आणि ज्या-कोज्यांची (साइन-कोसाइनची) कटकट टाळून ग्रहगणित पंचांगकर्त्यांच्या आटोक्यात आणले. दापोलीकडच्या दुसऱ्या मुरूडचे शंकर बाळकृष्ण दीक्षित (१८५३-१८९८) यांनी भारतीय ज्योतिषाचा इतिहास मराठीत लिहिला. या दोघांच्या कामात कल्पित पुजाऱ्यांचे दोन स्वभाव आयते सापडतात: एक गणित सोपे करून सर्वांच्या हाती देणारा आणि दुसरा प्रत्येक जुना आकडा कोठून आला ते खणून काढणारा. दोघांनाही घटकुंडात नेमावे आणि वीस मिनिटांचा फरक त्यांच्यामध्ये ठेवून द्यावा. पहिला म्हणेल की खांब हलवू, दुसरा म्हणेल की खांब पूर्वजांनी उभारला तेव्हा सूर्य जेथे मावळत होता त्याची ती साक्ष आहे, ती पुसता येणार नाही. मी स्वतः दुसऱ्याच्या बाजूचा आहे, पण कादंबरीत पहिल्याला जिंकू दिले.

लिहून झाल्यावर

मसुदा पूर्ण झाला की एकच तपासणी करावी. त्या समाजातील कोणत्याही एका सामान्य दिवसाचे वर्णन उघडावे आणि त्यात ‘तास’ हा शब्द वाजणाऱ्या थाळीखेरीज दुसऱ्या अर्थाने, तसेच ‘मिनिट’, ‘सेकंद’, ‘थोड्या वेळाने’ आणि ‘क्षणार्धात’ हे शब्द जेथे जेथे आले असतील तेथे खूण करावी. प्रत्येक खुणेपाशी थांबून त्या ठिकाणी, त्या माणसाला, त्या घटकेस वेळ कशावरून कळली असती हे ठरवावे: पायरीवरच्या ओल्या रेघेवरून, तास वाजल्यावरून, की शेजारणीने जाळे उचलल्यावरून. उत्तर सुचत नसेल तर त्या माणसाला तेव्हा वेळ कळलीच नव्हती, आणि ते तसेच लिहावे. माझ्या हस्तलिखितात नुसते ‘क्षणार्धात’च एकोणचाळीस निघाले. त्यांतले चार ठेवले.